जिवंत बोलणारे : एक

दिवंगतराव चांगले धडधाकट होते. रोज सकाळी सव्वानऊच्या ठोक्याला ते वाहिनीच्या इमारतीत शिरत, जिन्याने चौथ्या मजल्यावर जात आणि वर पोचल्यावर त्यांना साधी धापही लागत नसे. तरी अख्खी इमारत त्यांना दिवंगतराव म्हणे, आणि तेही त्या नावाला ओ देत. त्यांचं काम श्रद्धांजलीचे कार्यक्रम जोडण्याचं. कुणी मोठं माणूस गेलं की त्या संध्याकाळी पडद्यावर बावीस मिनिटांचं जे काही लागतं, ज्यात जुनी चित्रं असतात, हळू संगीत असतं आणि काही माणसं गळा दाटून बोलतात, ते सगळं कापून, शिवून, इस्त्री करून देणारे ते एडिटर. हे त्यांनी एकतीस वर्षं केलं आणि त्यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं.

खरं तर ते नोकरीला लागले होते बागकामाच्या कार्यक्रमावर. कुंडीला पाणी कधी घालावं, खत किती, पानं पिवळी का पडतात, असं दोन वर्षं सुखाने चाललं होतं. मग एके दिवशी एक नावाजलेले गायक गेले आणि बातम्यांचे एडिटर नेमके रजेवर. हाताशी कोण, तर हा बागकामवाला. त्यांनी चार तासांत सहा मिनिटांचं जोडून दिलं. गाणं त्यात कमीच होतं. पण गाण्याआधी गायक चष्मा काढून सदऱ्याला पुसायचा, तेवढं मात्र त्यांनी तीन वेगवेगळ्या वयांतलं शोधून तीनदा लावलं. दारावरचा रखवालदारसुद्धा रुमाल काढून बसला. झालं, शिक्का बसला तो बसलाच. मला बागकामाकडे परत पाठवा असा अर्ज त्यांनी पुढे दोनदा केला, पण दोन्ही वेळा त्याच आठवड्यात कुणीतरी गेलं.

आता मोठी माणसं काही आगाऊ कळवून जात नाहीत. म्हणून हे कार्यक्रम माणूस हिंडता-फिरता असतानाच करून ठेवावे लागतात. पंच्याहत्तरी ओलांडली किंवा तब्येतीची कुणकुण लागली, की दिवंगतरावांच्या वहीत नाव चढलंच. मग त्या माणसाच्या मित्रांना बोलावून बाईट घ्यायचे, म्हणजे कॅमेऱ्यासमोर चार वाक्यं बोलून घ्यायची: फार मोठा माणूस गेला, आता असं कुणी होणे नाही वगैरे. कधी कधी तो मोठा माणूस खाली गाडीत बसून मित्राची वाट बघत असायचा आणि मित्र वर त्याच्या जाण्याने मोडून पडलेला असायचा. नंतर दोघं मिळून जेवायला जायचे. यात वावगं काही आहे असं तिथे कुणालाच वाटत नसे.

घरच्यांचे मात्र हाल होते. लग्नकार्यात दिवंगतराव शिरले की वयस्कर मंडळी काढता पाय घेत. त्यांनी सहज जरी विचारलं, की तुमचा एखादा हसरा फोटो आहे का हो, तर समोरच्याच्या तोंडचं पाणी पळे. मुलीने शाळेत निबंध लिहिला होता की माझे बाबा म्हाताऱ्या माणसांची वाट बघतात. शिक्षिकेने काळजीने वडिलांना भेटायला बोलावलं, आणि त्या भेटीत यांनी, निव्वळ सवयीने, त्यांचं वय विचारलं. बायको पहिल्या वर्षी रडली, दुसऱ्या वर्षी भांडली आणि तिसऱ्या वर्षापासून टीव्हीसमोर बसून चुका काढायला लागली. "संगीत जरा लवकर सुरू केलंत आज," असं ती वाढता वाढता सांगे, आणि बहुतेक वेळा तिचं बरोबर असे.

मोठी चूक त्यांच्या हातून एकदाच झाली. एक नाटककार गेले. कार्यक्रम सात वर्षांपूर्वी करून ठेवलेला, तो तसाच उचलून लावला. त्यात एक कवी ढसाढसा रडत होते. कार्यक्रम संपतोय तोच कवींच्या पत्नीचा फोन आला. हे आठ महिन्यांपूर्वी गेले, तुम्हाला कुठे भेटले, एवढंच त्यांनी विचारलं. त्या रागावल्या असत्या, चार शब्द सुनावले असते, तर दिवंगतरावांनी ते मुकाट्याने ऐकून घेतलं असतं. पण त्यांच्या आवाजात आशा होती. दोन दिवस दिवंगतरावांना घास गिळवेना.

तिसऱ्या दिवशी त्यांनी एक नियम लिहून खोलीच्या दारावर चिकटवला. गेलेल्या माणसाने दुसऱ्या गेलेल्या माणसासाठी हळहळायचं नाही. कार्यक्रम लागेल त्या दिवशी त्यात बोलणारा प्रत्येक जण जिवंत असलाच पाहिजे. वरच्या साहेबांनी त्यावर सही केली, शिक्का मारला आणि वाहिनीचा तो कायदा झाला. तेव्हापासून दर सोमवारी सकाळी दिवंगतराव वही उघडून फोन करायला बसत. कार्यक्रमात बोललेली सगळी मंडळी आपापल्या जागी आहेत ना, हे बघायचं. पण सरळ कसं विचारणार? म्हणून ते पत्ता बदलला नाही ना, असं विचारत. मंडळी काही दूधखुळी नव्हती. काही जण फोन उचलून नुसतं "अजून आहे" म्हणत आणि ठेवून देत.

या वहीत एक नाव होतं शेजारीणबाईंचं. त्यांचं खरं नाव काय होतं हे बहुतेकांना ठाऊक नव्हतं, कारण चाळीस वर्षं मालिकांमधून त्यांनी एकच भूमिका केली होती, शेजारणीची. घरात कडाक्याचं भांडण जुंपलेलं असायचं, सासू काहीतरी लपवत असायची, मुलगी बॅग भरून निघालेली असायची, आणि नेमकी दारावरची घंटा वाजायची. दार उघडलं की या उभ्या. आतल्यांचे चेहरे बघायच्या आणि म्हणायच्या, "काही नाही, सहज आले होते." एवढं बोलून परत फिरायच्या. दुसरं वाक्य त्यांना कुणी दिलंच नाही.

एकोणीस वर्षांपूर्वी त्यांना न्यूमोनिया झाला आणि डॉक्टरांनी हात टेकले. दिवंगतरावांनी दोन दिवसांत कार्यक्रम उभा केला. तो त्यांच्या आयुष्यातला सर्वांत चांगला कार्यक्रम होता, हे त्यांना तेव्हाच कळलं. बावीस मिनिटं, बोलणारे आठ जण, आणि मधूनमधून उघडणारी दारं. वीस वेगवेगळ्या दारांत उभी असलेली तीच बाई, तरुण, मग मध्यमवयीन, मग पांढऱ्या केसांची, आणि प्रत्येक वेळी दार बंद होतं. बायकोला घरी बोलता बोलता त्यांनी नुसतं सांगितलं, तर ती चमचा हातात धरून तशीच उभी राहिली. मग तिसऱ्या दिवशी शेजारीणबाई खडखडीत बऱ्या होऊन आपल्या पायांनी घरी गेल्या. दिवंगतरावांना बरं वाटलं, आणि मनाच्या एका कोपऱ्यात थोडं वाईटही वाटलं. त्या कोपऱ्याची त्यांना इतकी लाज वाटली की त्यांनी बाईंच्या घरी फळं पाठवली.

पुढच्याच महिन्यात त्या आठांपैकी एक जण गेला, आणि त्याच्यासाठी बाईट द्यायला आल्या शेजारीणबाई. फार छान बोलल्या. त्यानंतर हे चालूच राहिलं. चाळीस वर्षांत त्यांनी सगळ्यांबरोबर काम केलेलं, सगळ्यांच्या दारात उभ्या राहिलेल्या. त्यामुळे कुणीही गेलं की यांना बोलवायचं. त्या वेळेवर यायच्या, पदर सारखा करायच्या, "रडू की नको?" असं विचारायच्या आणि सांगितलं तेवढंच रडायच्या. इकडे आठांतलं एकेक माणूस कमी होत होतं, आणि नियमाप्रमाणे दिवंगतराव त्यांना बाईंच्या कार्यक्रमातून एकेक करून कापत होते. एकोणीस वर्षांत आठही संपले. कार्यक्रम नऊ मिनिटांचा राहिला. उरली फक्त दारं.

दिवंगतरावांच्या निवृत्तीला एक महिना उरला आणि वाहिनीत नवे साहेब आले. वय बत्तीस. सगळं जुनं नव्या यंत्रणेत चढवायचं आणि बाकीचं पुसून टाकायचं, असा त्यांचा धडाका होता. एका सकाळी ते यादी घेऊन खाली आले आणि एका नावावर त्यांचं बोट थांबलं.

"काका, या कोण?"

"शेजारीण."

"कुणाची?"

"सगळ्यांचीच," दिवंगतराव म्हणाले.

साहेबांना काही बोध झाला नाही. त्यांनी नवा फॉर्म दाखवला. त्यात एक रकाना होता, 'जिवंत बोलणारे', आणि तिथे निदान एक आकडा नसेल तर यंत्रणा कार्यक्रम घेतच नव्हती. महिनाअखेरीस तो आपोआप पुसला जाणार. ही अडवणूक कुणी केली म्हणून दिवंगतराव चिडले, तर साहेबांनी अतिशय आदराने त्यांचाच दारावरचा नियम दाखवला. आपला नियम आपल्याच गळ्यात येईल असं त्यांना एकतीस वर्षांत वाटलं नव्हतं.

त्यांनी जंग जंग पछाडलं. बाईंना ओळखणारा एखादा तरी जिवंत माणूस हवा होता. रंगभूषा करणारी गेली होती, कपडे सांभाळणारा गेला होता, ज्यांच्या दारात त्या उभ्या राहिल्या ती सगळी घरंच्या घरं ओस पडली होती. आपणच बोलावं, तर कर्मचाऱ्याने पडद्यावर यायचं नाही हा आणखी एक नियम, आणि तोही त्यांनीच कधीतरी एका आगाऊ कॅमेरामनच्या रागाने करून घेतलेला. शेवटी निवृत्तीला पाच दिवस राहिले तेव्हा ते बाईंच्या घरी गेले.

तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्यांचं घर. वय शहाऐंशी. नात्यागोत्यातलं कुणी उरलं नव्हतं. समोरच्या दारामागे कोण राहतं हेसुद्धा बाईंना नीट माहीत नव्हतं. एक उंच गृहस्थ आणि त्याची बायको सकाळी कुलूप लावून जातात, एवढंच. पत्ता बदलला नाही ना, हे विचारायला आलो, असं दिवंगतराव म्हणाले. ते बाईंच्याच खुर्चीत, बाईंच्याच घरात बसून म्हणाले.

"फोनवर विचारतोस ते आज घरी येऊन विचारतोयस," बाई म्हणाल्या. "म्हणजे घोडं कुठेतरी अडलंय. माझ्या कार्यक्रमाचं ना?"

दिवंगतराव खुर्चीतल्या खुर्चीत आक्रसले. एकोणीस वर्षं त्यांच्या खोलीत बसून दुसऱ्यांसाठी बोलणाऱ्या बाईला हे कळलं नसेल, असं त्यांनी मानलं होतं, हा त्यांचाच भाबडेपणा. मग त्यांनी सगळं सांगून टाकलं. बाईंनी आठांची नावं बोटांवर मोजली. त्या सगळ्यांसाठी आपणच जाऊन बोललो होतो, हे त्यांच्या लक्षात आलं आणि आठवं बोट त्यांनी बराच वेळ तसंच धरून ठेवलं.

"म्हणजे माझ्यासाठी बोलायला कुणी राहिलंच नाही की रे," त्या म्हणाल्या.

दिवंगतरावांना भरून आलं. हजारभर कार्यक्रमांत लोकांना रडवणारा हा माणूस स्वतः रुमाल शोधत खिसे चाचपू लागला. बाईंनीच त्यांच्यापुढे पाणी ठेवलं. मग थोडा विचार करून त्यांनी विचारलं, की बोलणारा कसा हवा? ओळखीचा हवा आणि जिवंत हवा, आणखी काही अट आहे का? नाही, म्हणाले दिवंगतराव.

"मग मी आहे की. माझ्याइतकं मला कोण ओळखतं?"

दिवंगतरावांनी नियम मनातल्या मनात तीनदा वाचला. त्यात हे कुठेही मना नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला शेजारीणबाई येऊन नेहमीच्या खुर्चीत बसल्या. पदर सारखा केला. "रडू की नको?" असं विचारलं. तुमच्या मनाप्रमाणे करा, असं दिवंगतरावांनी पहिल्यांदाच कुणाला तरी सांगितलं. कॅमेरा सुरू झाला.

"बाईंना मी लहानपणापासून ओळखते," त्या म्हणाल्या. "अभिनय बेताचाच, पण कधी उशिरा आल्या नाहीत. चाळीस वर्षं लोकांच्या दारात उभ्या राहिल्या. कुणीतरी आत बोलवावं असं त्यांना फार वाटायचं. पण तसं लिहिलेलं नसायचं, मग कोण बोलवणार? बाई वाईट नव्हत्या. मला त्यांची सवय झाली होती."

कॅमेरामनने कॅमेरा बंद केला आणि तो खिडकीपाशी जाऊन उभा राहिला. दिवंगतराव मात्र कपाळाला हात लावून बसले होते, कारण त्यांच्या आत्ता ध्यानात आलं होतं. कार्यक्रम लागेल त्या दिवशी बोलणारा जिवंत हवा. बाई गेल्यावर हा कार्यक्रम लावायचा, तर त्यात बोलणारी बाई गेलेली असणार. म्हणजे तो कधीच लावता येणार नाही. त्यांनी हे बाईंना समजावून सांगितलं.

"मग मी आहे तोवर लाव," बाई म्हणाल्या. त्यांना यात काही अवघड दिसत नव्हतं, आणि खूप विचार केल्यावर दिवंगतरावांनाही दिसेना.

त्यांनी फॉर्म भरला. नाव लिहिलं. लांबी, दहा मिनिटं. जिवंत बोलणारे, एक. मृत्यूची तारीख या रकान्यापाशी ते अडखळले. खोटं लिहिणं त्यांच्या रक्तात नव्हतं. शेवटी त्यांनी तिथे स्वच्छ अक्षरात 'लागू नाही' असं लिहिलं. फॉर्मवर तिघांनी सह्या केल्या. तिघांनीही फक्त आकड्याचा रकाना बघितला, आणि तिथे आकडा होता. निवृत्तीच्या दिवशी दुपारी चार वाजता, घरगुती दुरुस्तीचा कार्यक्रम दुसऱ्यांदा लागायचा त्या जागी, शेजारीणबाईंची श्रद्धांजली लागली.

चार वाजून बारा मिनिटांनी साहेबांनी त्यांना बोलावून घेतलं. टेबलावरचे तिन्ही फोन वाजत होते.

"काका, या बाई गेल्या कधी?"

"नाही गेल्या."

"मग हे काय आहे?"

"नियमात बसतंय, साहेब."

साहेबांनी फॉर्म मागवला, वाचला, पुन्हा वाचला आणि तो उलटा करून मागेही बघितला. मग त्यांनी घाईघाईने खुलासा द्यायला सांगितला. तो इतक्या घाईने लिहिला गेला की पुढचे दोन तास पडद्याच्या तळाशी पट्टी सरकत राहिली: ज्येष्ठ अभिनेत्री हयात असल्याबद्दल वाहिनी दिलगीर आहे. पाच वाजता ठरलेला दिवंगतरावांचा निरोप समारंभ रद्द झाला. गुच्छ मात्र आधीच येऊन पडला होता. त्याचं काय करायचं हे न कळून रखवालदाराने तो त्यांच्या हातात दिला, आणि तीच काय ती एकतीस वर्षांची सांगता.

गुच्छ घेऊन ते तडक बाईंच्या घरी गेले. आपण त्यांना चव्हाट्यावर आणलं, आता त्या काय म्हणतील, याची त्यांना धास्ती होती. जिन्यात पोचले तर तिथे माणसं. पहिल्या मजल्यावरची, दुसऱ्या मजल्यावरची, एकमेकांना ओळख न देता वर चाललेली. प्रत्येकाच्या हातात फुलं. लहानपणापासून पडद्यावर पाहिलेली शेजारीण आपल्याच इमारतीत राहत होती, हे त्यांना तासाभरापूर्वी, पडद्यावरचा तिचा आत्ताचा चेहरा ओळखून, म्हणजे ती 'गेल्यावर', कळलं होतं. पट्टी कुणीच वाचली नव्हती. सगळ्यांत पुढे समोरच्या घरातले उंच गृहस्थ होते. फुलं दारापाशी ठेवावीत म्हणून ते वाकले, आणि दार उघडलं.

दारात शेजारीणबाई, ठेवणीतल्या साडीत. कार्यक्रम बघायला म्हणून नेसल्या होत्या.

उंच गृहस्थांनी फुलं पाठीमागे लपवली. ते बघून खालच्यांनीही लपवली. मग उंच गृहस्थ घसा खाकरत म्हणाले, "काही नाही, सहज आलो होतो."

बाई त्यांच्याकडे बघत राहिल्या. हे वाक्य त्यांनी चाळीस वर्षं म्हटलं होतं, पण त्यावर काय उत्तर द्यायचं असतं हे त्यांना कुणी लिहून दिलं नव्हतं. मग त्या दारातून बाजूला झाल्या.

"आत या ना," त्या म्हणाल्या. "सगळेच या."

घरात खुर्च्या दोनच होत्या. दिवंगतराव पलंगाच्या कडेवर गुच्छ मांडीवर घेऊन तासभर बसले, आणि त्यांच्याकडे कुणी ढुंकून बघितलं नाही. त्यांना फार आनंद झाला होता.

त्यानंतर शेजारीणबाई सोळा महिने होत्या. एका सोमवारी सकाळी दिवंगतरावांनी फोन केला, कारण नोकरी सुटली तरी ती सवय सुटली नव्हती, आणि फोन उंच गृहस्थांनी उचलला. संध्याकाळी बायकोने टीव्ही लावला. बातम्या झाल्या, घरगुती दुरुस्ती झाली. बाईंबद्दल अवाक्षर नाही. एकदा लागलेला कार्यक्रम नवी यंत्रणा पुन्हा देत नव्हती.

"काहीच दाखवलं नाही हो त्यांचं," बायको म्हणाली. तिला राग आला होता.

"दाखवून झालंय," दिवंगतराव म्हणाले. "त्यांनी पाहिलंय ते."

मग ते उठले, बायकोला चल म्हणाले आणि दोघं त्या इमारतीत गेले. तिसऱ्या मजल्यावर बाईंचं दार सताड उघडं होतं, आणि जिन्यात, पायऱ्यांवर, घरातून आणलेल्या खुर्च्यांवर शेजारी बसले होते. सगळे एकदम बोलत होते. एकीला बाई रोज पेपर वाचून दाखवायला सांगायच्या, एकाला भांडी नीट लावत नाही म्हणून रागवायच्या, एकाच्या घरी तर भांडण चालू असताना मुद्दाम यायच्या आणि मिटेपर्यंत उठायच्या नाहीत. उंच गृहस्थ बोलता बोलता मध्येच उठून आत गेले, तेव्हा त्यांचं उरलेलं त्यांच्या बायकोने सांगितलं. दिवंगतराव खालच्या पायरीवर उभे राहून ऐकत होते. त्यांची बोटं कधीपासून हलत होती, ते त्यांनाच ठाऊक नव्हतं.

"काय मोजताय?" बायकोने हळूच विचारलं.

"आठ आहेत," दिवंगतराव म्हणाले, आणि तिथेच पायरीवर बसले.